गोळीने परत दिलेला हात

हे मी मराठीत लिहिते आहे, त्याचं खरं कारण आधीच सांगून टाकते. आमच्या गल्लीत देवनागरी मराठी वाचणारं माझ्याशिवाय कुणी नाही. घरात मराठी बोलणारी कुटुंबं बरीच आहेत, पण वाचायला घेतात ते तमिळ नाहीतर इंग्रजी. तेव्हा इथे काहीही लिहिलं तरी उद्या सकाळी फुलवाली मला अडवून विचारणार नाही, याची खात्री आहे.

दुसरं कारण म्हणजे तुम्ही. तुमच्या नवऱ्याला कंपवात असेल, गोळ्या चालू असतील आणि घरात असं काही होत असेल की जे सख्ख्या बहिणीलाही सांगता येत नाही, तर हे तुमच्यासाठी. उपाय माझ्याकडे फारसा नाही. तुम्ही एकट्या नाही, एवढंच सांगायचं आहे. मला ते फार उशिरा कळलं.

माझं माहेर सांगलीचं. लग्न होऊन इकडे तमिळनाडूत, कुंभकोणमला आले तेव्हा सासरचं तंजावरी मराठी ऐकून वाटायचं की सगळे दिवसभर पोथीच वाचताहेत. ‘मज ठाव नाहीं’, ‘कोठें जातीस’, असं सासूबाई भाजी निवडता निवडता म्हणायच्या आणि मला हसू आवरायचं नाही. त्याही माझ्या बोलण्याला हसायच्या. ह्यांचं नाव हरिराव. लिहिताना नाव घेते आहे, तोंडाने अजून घेत नाही.

टाळ

मोठ्या रस्त्यावर ह्यांचं पितळी भांड्यांचं दुकान होतं. आता ते पुतण्या चालवतो. पण गावात ह्यांची ओळख दुकानामुळे नाही, भजनामुळे आहे. एकादशीला मठात भजन असतं, आणि पुढे उभं राहून पद धरायचं काम कितीतरी वर्षं ह्यांच्याकडे होतं. आवाज बेताचाच, पण ताल इतका पक्का की मृदंगवाला ह्यांच्या टाळाकडे डोळे लावून बसायचा.

एक खंत मात्र ह्यांच्या मनात होती. भजनात जुन्या मंडळींच्या डोळ्यांना धार लागते, कुणी भान हरपून नाचतं. ह्यांचं तसं कधी झालं नाही. घरी आल्यावर उपरणं घडी घालताना म्हणायचे, “सगळें येतें मज. भाव तेवढा येत नाहीं.” मी म्हणायची, “ताल सांभाळता, ते काय कमी आहे?”

मग उजवा टाळ मागे पडायला लागला. आधी मृदंगवाल्याला कळलं, मग ह्यांना आणि सगळ्यांत शेवटी मला. आम्ही तंजावूरच्या डॉक्टरीणबाईंकडे गेलो. त्यांनी अंगठ्यावर तर्जनी भराभर आपटून दाखवायला सांगितली. साधी गोष्ट, लहान मूलही करील. ह्यांची बोटं दोन-चारदा आपटली आणि थांबली. आयुष्यभर ह्याच बोटांनी लोकांना ताल दाखवला होता. स्वतःच्या हाताकडे असे बघत राहिले की मला तिथून उठून बाहेर जावंसं वाटलं.

पहिल्या गोळ्यांनी थोडा फरक पडला. मग डॉक्टरीणबाईंनी आणखी एक गोळी जोडली, हळूहळू वाढवत नेली, आणि एका एकादशीला हे टाळ घेऊन उभे राहिले. टाळ बरोबर पडला. मृदंगवाला वाजवता वाजवता रडत होता. घरी येऊन मी पायसम केलं. वाटी हातात घेऊन हे म्हणाले, “हात माझें ऐकूं लागला गे.” त्या दिवशी त्या गोळीला मी मनातल्या मनात नमस्कार केला. खोटं कशाला सांगू.

आधी बरं वाटलं

हेही खोटं सांगणार नाही की सुरुवातीला मला बरं वाटलं. एवढ्या वर्षांत जे झोपाळ्यावर कधी माझ्याशेजारी बसले नव्हते, ते बाजारातून मोगऱ्याचा गजरा घेऊन आले. मी कॉफी गाळत होते तेव्हा मागून येऊन पाठीवर हात ठेवला. मी साठीची बाई, पण चेहरा तापला. वाटलं, आजारातून उठलेल्या माणसाला आपली किंमत कळली असेल. कुणाला सांगितलं नाही, पण दिवसभर गुणगुणत होते.

पुढे ते रोजचं झालं, आणि मग रोजचंही राहिलं नाही. सकाळी, दुपारी, जेवण झाल्या झाल्या, पाहुणा पायऱ्या उतरून जातोय न जातोय तोवर. नको म्हटलं की चिडायचे. कधी आवाज न चढवणारा माणूस भांडं आपटायचा. मग रडायचे, माझे पाय धरायला यायचे, आणि तासाभरात पुन्हा तेच. माझं अंग दुखून यायचं. मोबाइलवर काय काय बघायचे. एकदा तो तसाच उघडा राहिला होता आणि मी तो उपडा करून ठेवला. भांडी घासायला येणारी बाई एक दिवस यायची बंद झाली. तिने कारण सांगितलं नाही आणि मी विचारायला गेले नाही. कारण मला माहीत होतं.

याला आजार म्हणायचं, हे मला सुचलंच नाही. कंपवात म्हणजे हात कापणार, पाऊल अडखळणार, एवढंच डोक्यात होतं. हे जे चाललं होतं ते माझ्या नवऱ्याचं खरं रूप आहे आणि इतकी वर्षं ते दडून बसलं होतं, असंच मला वाटत होतं. तुम्हालाही तसंच वाटत असेल, म्हणून हे लिहिते आहे.

मडी

आपल्याकडे सोवळं म्हणतात, त्याला इथे मडी म्हणतात. आंघोळ करून वेगळं वाळत घातलेलं लुगडं नेसायचं, देवाचा स्वयंपाक करायचा, आणि नैवेद्य होईपर्यंत कुणी कुणाला शिवायचं नाही. आमच्या घरातला विठोबा माझ्या सासरच्यांनी पिढ्यान्‌पिढ्या सांभाळला आहे आणि मडीच्या बाबतीत हे सासूबाईंहून कडक. मुकुंद, आमचा मुलगा, रांगायचा तेव्हाही मी मडीत असले तर हे त्याला उचलून दूर नेऊन बसवायचे. मी सांगलीची, मला या सगळ्याचा कंटाळा. सासूबाई गेल्यावर नैवेद्यापुरतं तासभर पाळायची आणि सुटायची.

तीच मी आता मडीच्या आडोशाला गेले. सकाळी नेसलेलं मडीचं लुगडं दिवेलागणीपर्यंत सोडायची नाही. नैवेद्य झाला तरी काहीतरी काढून बसायची. वाती वळ, आरतीचं ताट घास, स्तोत्र म्हण. हे दारात येऊन उभे राहायचे. चौकटीच्या आत पाय टाकायचे नाहीत. डोळ्यांत असं काही असायचं की मी मान वर करायची नाही. पण मडी त्यांनी मोडली नाही. तेवढा एक उंबरठा माझा होता.

आणि गल्लीत काय झालं, तर माझं नाव झालं. सांगलीची सून उतारवयात किती सोवळ्याची झाली, दिवसभर देवघर सोडत नाही. बायका हळदीकुंकवाला आधी माझ्याकडे यायला लागल्या. एकीने तर माझ्या पायांना हात लावला.

ह्यांचंही तसंच झालं. भजनात राधाकृष्णाची शृंगाराची पदं असतात. हे ती पूर्वी नियमाप्रमाणे म्हणायचे आणि पुढच्या पदाकडे वळायचे. आता त्याच पदांवर थांबायला लागले. तीच ओळ फिरून फिरून, डोळे मिटलेले, गालांवरून पाणी. ऐकणारेही रडायचे. मंडळीतले सर्वांत वडीलधारे नरसिंगमामा, ऐंशी उलटलेले, त्यांनी भरल्या सभेत ह्यांना शाल घातली. म्हणाले, “हरी, आम्ही जन्म घालविला. तुज भाव आला कीं.”

हे माझ्याकडे बघून हसले. ते हसू मी विसरू शकत नाही. जन्मभर वाट पाहिलेली गोष्ट दारात आल्यावर माणूस हसतो, तसं होतं. समोर बायकांत बसलेल्या मला ओरडावंसं वाटलं की अहो, हा भाव नाही, घरी येऊन बघा. पण घरी येऊन बघण्यासारखं ते नव्हतं. आणि खरंच भाव असला तर? मला भजनातलं काय कळतं?

राधाकल्याण

मठात वर्षातून एकदा राधाकल्याण असतं. राधाकृष्णाचं लग्न गाण्यातून लावतात. दिवसभर पदं, मग फेर, मग मंगलाष्टकं. सुंदरपेरुमाळ कोयिल या जवळच्या गावाहून वैदेही नावाची मुलगी गायला येते. मुलगी म्हणायची एवढंच, शाळेत शिक्षिका आहे, पोक्त आहे. तिच्या आजोबांनी ह्यांना पहिला टाळ दिला होता. ती ह्यांना मामा म्हणते.

फेर चालू असताना ह्यांनी तिचा हात धरला आणि सोडला नाही. दुसरा हात तिच्या कमरेकडे गेला. फेर थांबला. सभेत कुणीतरी ‘विठ्ठल विठ्ठल’ म्हटलं, नरसिंगमामांनी हात जोडले, ‘राधाच दिसली’ असं पुटपुटलं, आणि सगळी मंडळी आणखी जोरात गायला लागली. सगळ्यांना ती कृपा वाटली. मी वैदेहीचं तोंड बघत होते. तिला ती कृपा वाटली नव्हती. तिने हात सोडवून घेतला, पदर सारखा केला आणि बायकांतून वाट काढत बाहेर गेली. मीही उठले, पण माझ्या आधी तिची रिक्षा गेली होती.

त्यानंतरच्या एका दुपारी मी मडीत होते, चुलीशी, दाराकडे पाठ करून. हे आत आले. उंबरठा ओलांडून आत आले, आणि मला धरलं.

मी ओरडले नाही. नैवेद्याचा भात उतरवायचा राहिला होता. मी फक्त म्हटलं, “अहो, मी मडीत आहे.” ह्यांना ऐकू गेलंच नाही. माझं वाक्य ह्यांच्या कानावरून वाहून गेलं. तेव्हा मला कळलं. जो माणूस रांगत्या मुलाला माझ्यापासून दूर नेऊन बसवायचा, तो हा नव्हे. हे त्यांचं खरं रूप असतं तर त्यांनी दुसरं काहीही मोडलं असतं, मडी मोडली नसती. भीती वाटली. पण त्या भीतीत एक सुटकाही होती. हे दुसरंच काहीतरी आहे, आणि दुसऱ्या कशाला तरी औषध असू शकतं.

तो शब्द

तंजावूरला दवाखान्यात ह्यांना चालण्याच्या तपासणीला नेलं, तेवढ्यात मी डॉक्टरीणबाईंच्या खोलीत शिरले आणि दार लावून घेतलं. माझं तमिळ बाजाराचं आहे. भाव करायला, भांडायला, रडायलाही पुरतं. यासाठी त्यात शब्द नव्हते, आणि मराठीत तरी कुठे होते? मी म्हटलं, “जास्ती झालंय. सगळं जास्ती झालंय.” आणि मान खाली घातली.

त्यांनी विचारलं, “कधीपासून? नवीन गोळी वाढवल्यापासून?”

मी त्यांच्याकडे बघतच राहिले. मी अजून काहीच सांगितलं नव्हतं. त्यांनी एकेक प्रश्न विचारला, सर्दीखोकल्याचे विचारावेत तसे, आणि मी हो-नाही म्हणत गेले. शेवटी शेजारी बसलेल्या शिकाऊ डॉक्टरला त्यांनी इंग्रजीत टिपून घ्यायला सांगितलं. पाऊल आखूड टाकतात, उजवा हात कमी हलतो, हायपरसेक्शुअली वागतात. एका दमात, एकाच आवाजात.

मी अर्थ विचारला. त्या म्हणाल्या, “अम्मा, म्हाताऱ्या माणसाला इच्छा असणं म्हणजे हे नव्हे. इच्छा जास्त असणंही नव्हे. ती आवरता येत नाही, आवरायला हवी हेही मेंदूला आठवत नाही, आणि त्यामुळे त्यांना, तुम्हाला, दुसऱ्यांना त्रास होतो, तेव्हाच आम्ही हा शब्द लिहितो. तो शिवी म्हणून लिहीत नाही. ही गोळी काहीजणांना असं करते. मी तुम्हाला आधी विचारायला हवं होतं.”

मराठीत त्याला काय म्हणावं, याचा मी बसच्या थांब्यावर विचार करत होते. अतिकामुकपणे. हे कुणी बोलताना म्हणेल काय? कीर्तनात रावणाबद्दल म्हणतील फार तर. पण डॉक्टरीणबाईंच्या तोंडी तो शब्द आखूड पावलाशेजारी बसला होता, आणि कितीतरी दिवसांनी मला पोटभर श्वास आला. पाऊल आखूड पडलं म्हणून कुणी माणसाला नावं ठेवत नाही.

मुकुंद कोइमतूरला असतो. त्याला मी फोनवर तोच शब्द सांगितला, कारण दुसरा नव्हता. तो म्हणाला, “आई, अप्पाविषयीं असें बोलूं नको.” मी म्हटलं, मी नाही, डॉक्टर म्हणतात. दुसऱ्या दिवशी त्याचा फोन आला. इंटरनेटवर वाचून बसला होता. “म्हणजे अप्पा तसले आहेत?” असं त्याने विचारलं. डॉक्टरीणबाई वागण्याबद्दल बोलत होत्या, तो माणसाबद्दल बोलत होता. मी कितीही समजावलं तरी ते अंतर काही भरलं नाही. सूनबाई त्या सुट्टीत आली नाही. तिला दोष देत नाही, मीच तिला नको येऊस म्हणणार होते.

दवाखान्यातले दिवस

ही गोळी एकदम बंद करायची नसते. हे ठळक लक्षात ठेवा, रागाच्या भरात खिडकीतून फेकून देऊ नका. माणूस लाकडासारखा कडक होऊ शकतो. म्हणून डॉक्टरीणबाईंनी ह्यांना दाखल करून घेतलं आणि थोडी थोडी उतरवत नेली.

सकाळी इडली यायची, मग सिस्टर यायची. मोठी, वयस्क, चष्मा नाकावर. पहिल्याच दिवशी ह्यांचा हात तिच्याकडे गेला. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. तिने तो हात उचलून चादरीवर ठेवला, वर थोपटलं आणि माझ्याकडे वळून म्हणाली, “मागच्या खेपेला एक हेडमास्तर होते. चांगले होते बिचारे.” दुसऱ्या दिवसापासून पुरुष वॉर्डबॉय येऊ लागला. दुपारी ती मला स्वतःच्या डब्यातली कॉफी द्यायची. या आजारात माझ्या वाट्याला जी काही दया आली, ती त्या कॉफीत होती.

रोज सकाळी डॉक्टरीणबाई येऊन तीच परीक्षा घ्यायच्या, अंगठ्यावर बोट आपटायची. गोळी उतरत गेली तसे ह्यांचे डोळे शांत होत गेले. बघणं पूर्वीसारखं झालं, मी पदर सावरायचं विसरले. आणि बोटं रोज आदल्या दिवसापेक्षा मंद. मी पलंगाच्या पायथ्याशी उभी राहून दोन्ही बघायची. माझा नवरा परत येत होता आणि त्याचा हात जात होता. कशासाठी प्रार्थना करायची ते मला कळेना, म्हणून केलीच नाही.

शेवटच्या दिवशी डॉक्टरीणबाईंनी ह्यांना सगळं समजावून सांगितलं. गेल्या काही महिन्यांत जे झालं ते गोळीमुळे झालं, तुमच्यामुळे नाही. हे खाली मान घालून ऐकत होते. कान लाल झाले होते. वाटलं, आता विचारतील, काय काय केलं मी. त्यांनी विचारलं ते निराळंच. तमिळमध्ये, फार हळू. “आणि गाणं?”

डॉक्टरीणबाईंना कळलं नाही. मी सांगितलं, भजनात ह्यांच्या डोळ्यांना पाणी यायचं, पूर्वी येत नसे. “तेवढं मला सांगता येणार नाही, ऐया,” त्या म्हणाल्या. खोटं बोलल्या असत्या तर मी त्यांचे पाय धरले असते.

परतीच्या गाडीत आम्ही खिडकीशी बसलो होतो. पापनाशम गेलं, दोन्ही बाजूंना भात लावलेला. सुंदरपेरुमाळ कोयिल आलं तेव्हा ह्यांनी खिडकीतून तोंड फिरवलं. मग म्हणाले, “तो भावही मात्रैचाच काय गे?” मात्रै म्हणजे गोळी.

मी त्यांच्या गुडघ्यावर हात ठेवला आणि त्याच वेळी मला माझा गजरा आठवला. पाठीवर ठेवलेला तो पहिला हात. तोही गोळीचाच होता काय? हे मी कुणाला विचारायचं? डॉक्टरीणबाईंना विचारायला गेले तर त्या तेच म्हणतील.

वैदेही

मी एकटीच तिच्या गावी गेले. तिने मला बसायला पाट दिला, पाणी दिलं, स्वतः उभी राहिली. मी सगळं सांगितलं, तो इंग्रजी शब्दसुद्धा. तिने नीट ऐकून घेतलं.

“मामी, मात्रैनें केलें म्हणतां, तें खरेंच असेल,” ती म्हणाली. “मामाविषयीं माझ्या मनांत राग नाहीं. पण हात माझा धरिला कीं. आणि सगळे गात राहिले.”

मी म्हटलं, “हो.”

“आतां कोणा मोठ्याच्या पाया पडाया वाकतें, तेव्हां आधीं अंग मागें सरतें. तें मज नको होतें.”

मी त्या गावाला गेले होते ते क्षमा मागायला, की तिच्याकडून ‘असू दे मामी’ ऐकायला, कोण जाणे. तिने तसं म्हटलं नाही, आणि म्हणायला हवं होतं असंही मला वाटत नाही. निघताना तिने मला कुंकू लावलं. वाकली मात्र नाही.

आता

आता ही गोळी अगदी थोडी चालू आहे आणि दुसऱ्या काही आहेत. घर शांत आहे. भांड्यांना नवी बाई लागली आहे, टिकली आहे. मुकुंद महिन्यातून येतो, बापाशेजारी बसतो, क्रिकेट लावतो. दोघंही त्या विषयाच्या कडेकडेने चालतात.

टाळ देवघराच्या कोनाड्यात आहे. नरसिंगमामा अधूनमधून येऊन बसतात, पुढच्या राधाकल्याणाचं विचारतात. “तुजवांचून भाव नाहीं रे हरी,” म्हणतात. हे हात दाखवतात, कापरा हात, आणि मामा हळहळतात. बिचाऱ्यांना वाटतं हात गेला म्हणून गाणं थांबलं. मीही काही सांगत नाही. सांगितलं तर त्यांनी घातलेली शाल मामांना परत न्यावीशी वाटेल, आणि ह्यांनी ती अजून जपून ठेवली आहे. गाणं तर ह्यांना येतं. एकदा बसल्या बसल्या तीच ओळ धरली, अर्ध्यावर थांबले, डोळ्यांना बोट लावून पाहिलं. कोरडे होते.

मडी मी पुन्हा नैवेद्यापुरती पाळते. परवा दुपारी भात चुलीवर होता, मी लुगडं नेसून आत होते. हे पाणी प्यायला आले आणि दारातच अडकले. असं होतं आता, चौकट आली की पाऊल जमिनीला चिकटतं, काही केल्या उचलत नाही. एक हात भिंतीला होता, दुसरा माझ्याकडे येत होता. मध्येच तो त्यांनी थांबवला. थरथरत तसाच हवेत धरला आणि विचारलं, “मडींत आहेस काय?”

माझ्या अंगावर लुगडं होतं, केस ओले होते, चुलीवर देवाचा भात होता. त्यांना ते सगळं दिसत होतं.

मी म्हटलं, “नाही.” आणि हात धरला.

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. हात घट्ट धरला. मी म्हटलं, टाका पाऊल, एक, दोन. पाऊल हललं नाही. पुन्हा म्हटलं. मला ओढता येईना आणि सोडताही येईना. आम्ही दोघं तसेच उंबरठ्यात उभे होतो, आणि आत भात करपायला लागला.